हिरोच्या बाजूचा तो मोठ्या नाकाचा माणूस कोण?

प्रश्न : नमस्कार. मी वडसा तालुक्यातल्या एका खेड्यातला. दिवाळीनंतर मंडईचे (आमच्याकडल्या गावजत्रेचे) नाटकं सुरू झाले का मी कॉमेडीचा पार्ट करतो, हिरोचा कधी भेटला नाही. मोबाईलवर एक जुना फ्रेंच मुका सिनेमा पाहिला, काळे कपडे घालून चोऱ्या करणाऱ्या टोळीचा. त्यात हिरोसंगं एक मोठ्या नाकाचा माणूस आहे, तो मधातच आपल्याकडं पाहून डोळे मोठे करते. हा कोण होता जी, आन त्याले जिंदगीभर असेच दुय्यम पार्ट भेटले काय?

उत्तर : भाऊ, तुमचं पत्र वाचून लय आनंद झाला, कारण हा माणूस माझ्याही फार आवडीचा आहे. त्याचं नाव मार्सेल लेव्हेक. जन्म 1877, पॅरिसचा. आधी नाटकात नाव कमावलं, मग गोमों या फ्रेंच सिनेमा कंपनीच्या लुई फुयाद या दिग्दर्शकानं त्याला सिनेमात आणलं. तुम्ही पाहिला तो 'ले व्हॅम्पिर', 1915-16 मधला, दहा भागांचा, सगळा मिळून जवळपास सात तास! तेव्हा पहिलं महायुद्ध चालू होतं, पोरं सीमेवर मरत होती आणि घरी राहिलेले लोक हे बघायला थेटरात यायचे.

त्यात लेव्हेकचं पात्र माझामेत. पहिल्याच भागात तो पत्रकार हिरोची फाईल चोरतो, सापडतो, लेकरंबाळं आहेत म्हणून गयावया करतो, हिरो माफ करतो आणि तिथून दोघांची जी दोस्ती जमते ती शेवटपर्यंत. नंतर त्याला मोठं बक्षीस मिळून तो श्रीमंतही होतो, म्हणजे दुय्यम पात्राला स्वतःची गोष्ट दिली आहे बघा.

ते कॅमेऱ्याकडं पाहणं तुम्ही बरोबर पकडलं. त्या काळी कॅमेरा बहुतेक एकाच जागी उभा असायचा, सगळी माणसं एकाच चौकटीत, चेहरा जवळून दाखवायचं फार कमी. मग प्रेक्षकाची नजर आपल्याकडं कशी ओढायची? लेव्हेक हातानं, मानेनं आणि त्या नजरेनं ओढतो. हिरो गंभीर चेहऱ्यानं पुरावा शोधत असतो आणि हा मागून आपल्याला जणू सांगतो, बघा बाप्पा काय चाललंय! तुमच्या झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भात, रात्रभराच्या नाटकात दोन वाजता पेंगणाऱ्या मांडवाला कॉमेडीवाला उठवतो ना, तेच काम. माझं स्पष्ट मत आहे की या सिनेमात हिरोपेक्षा माझामेत आणि म्युझिदोरा या नटीनं केलेली टोळीतली इर्मा व्हेप हेच जास्त लक्षात राहतात.

आता दुय्यम पार्टचं. नाही, कायम तसंच झालं नाही. 1917 मध्ये आलेल्या 'ज्युडेक्स'मध्ये त्यानं कोकांतां नावाचा भित्रा पण मायाळू गुप्तहेर केला, तोही बाजूचाच पार्ट, पण पुढं ज्यां द्युरां या दिग्दर्शकानं सर्पांतां नावाच्या पात्रावर कॉमेडी सिनेमांची मालिकाच काढली आणि तिचा नायक लेव्हेक. बोलपट आल्यावर मोठे पार्ट कमी झाले तरी काम सुटलं नाही, 1936 च्या, दिग्दर्शक ज्यां रेन्वाच्या सिनेमात तो चाळीचा राखणदार आहे. 1962 मध्ये गेला. वीस वर्षांच्या अंतरानं दोन वेगळ्या जमान्यांतल्या दोन मोठ्या दिग्दर्शकांनी ज्याला बोलावलं त्याच्या कामाला मी तरी दुय्यम म्हणणार नाही, आणि तुम्हीही तुमच्या पार्टला म्हणू नका.

पुढं काय बघायचं तर 'ज्युडेक्स' बघा. त्यात कोकांतां आणि बू-द-झान नावाच्या बालकलाकाराचे प्रसंग आहेत, हाच पोरगा 'ले व्हॅम्पिर'च्या आठव्या भागात माझामेतचा मुलगा झाला आहे. मोबाईलवरचं संगीत मागून जोडलेलं असते, ते एकदा बंद करून फक्त लेव्हेकचे हात बघा, पोराशी खेळताना वेगळे आणि गुंडांसमोर वेगळे. आणि यंदा मंडईत तुमचं नाटक कोणकोणत्या गावात आहे ते कळवा, यायची फार इच्छा आहे.