जेकब लॉरेन्स पाहायला सुरुवात करताना

अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या स्थलांतरावरची चित्रकार जेकब लॉरेन्स यांची १९४१ मध्ये पूर्ण झालेली ६० चित्रांची मालिका क्रमानेच पाहा आणि प्रत्येक चित्रासोबत लिहिलेली ओळ वाचल्याशिवाय पुढे जाऊ नका, कारण माणसे दक्षिण सोडून उत्तरेकडे का निघाली, हे तिथेच उलगडत जाते. पंधराव्या चित्रापाशी मात्र थांबाच. विषय झुंडीने दिलेल्या फाशीचा आहे, तरी मृतदेह कुठेच नाही; उघड्या फांदीवरून लोंबणारा रिकामा फास आणि जवळच पाठ वाकवून बसलेली एकटी व्यक्ती, एवढेच दिसते. पीडिताचे शरीर पुन्हा प्रदर्शनाला न मांडता मागे उरलेल्यांचा शोक दाखवण्याचा हा निर्णय मला फार मोलाचा वाटतो. विषम क्रमांकाची चित्रे वॉशिंग्टनच्या फिलिप्स कलेक्शनमध्ये आणि सम क्रमांकाची न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात आहेत, त्यामुळे दोन्हीकडची जुळवूनच पाहा.