किल्स सर्वात जास्त माझेच, तरी मॅच हरतो: चूक कुठे होते?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: कॉल ऑफ ड्यूटी या बंदुकीच्या गेममधले डॉमिनेशन आणि हार्डपॉइंट हे मोड खेळताना बहुतेक वेळा टीममध्ये सर्वात जास्त किल्स तुमचेच असतात, तरी निम्म्याहून जास्त मॅच जातात. बाकीचे टीममेट झेंड्यावर जाऊन मरत राहतात. चूक त्यांची की तुमची, आणि माइकवर न बोलता यात काही सुधारता येतं का?

चूक कोणाची ते शेवटी बघू. आधी डॉमिनेशनचा हिशोब मांडतो, कारण मला स्वतःला तो फार उशिरा कळला. मॅपवर ए, बी, सी असे तीन झेंडे ताब्यात घ्यायचे: ए आणि सी एकेका टीमच्या बाजूला, बी मध्ये. कॉल ऑफ ड्यूटीच्या नेहमीच्या नियमांत ताब्यातल्या प्रत्येक झेंड्यामागे दर 5 सेकंदांना 1 गुण मिळतो आणि 200 गुणांना मॅच संपते. एका टीमकडे दोन झेंडे आणि दुसरीकडे एक असेल, तर मिनिटाला 24 विरुद्ध 12. पाच मिनिटं तसंच राहिलं की 60 गुणांचं अंतर पडलं. या सगळ्या गणितात किल कुठेही येत नाही. तुम्ही 40 मारलेत काय आणि 4 मारलेत काय, वरचा आकडा आपल्या गतीने पुढे सरकत राहतो.

याचा अर्थ किल वाया जातो असा मुळीच नाही. शत्रू मेला की तो परत जिवंत होऊन त्या जागी पोचेपर्यंत काही सेकंद मोकळे मिळतात. किलमधून हातात येतं ते एवढंच, थोडा वेळ. तो कुठे खर्च केला त्यावर मॅच ठरते. डॉमिनेशनमध्ये एकट्याने झेंडा घ्यायला साधारण 10 सेकंद लागतात आणि मेलेला माणूस जवळपास लगेच उठतो. म्हणजे बी झेंड्यापासून लांब, मॅपच्या एका टोकाला तुम्ही तिघांना लोळवलंत आणि बीवर तेव्हा आपलं कोणीच नसेल, तर त्या तिन्ही किल्सचे सेकंद हवेत गेले. तेच तिघे बीच्या दारात पडले आणि आत एक टीममेट झेंड्यावर उभा असेल, तर झेंडा तुमचा. स्कोअरबोर्डवर दोन्हीकडे तीनच किल्स दिसतात, आणि म्हणूनच तो बोर्ड फसवतो.

हाच हिशोब गेमगणिक बदलतो, आणि मला या मोड्समधलं सगळ्यात आवडणारं ते हेच. ओव्हरवॉच या दुसऱ्या टीम-गेममध्ये मेलं की बरेच सेकंद थांबायचं आणि वर लांबून चालत यायचं. तिथे एक किल महाग, त्यामुळे दोन पडले की लगेच पॉइंटवर, म्हणजे ताब्यात घ्यायच्या जागेवर, चढायचं. काउंटर-स्ट्राइकमध्ये एक टीम बॉम्ब लावते, दुसरी तो निकामी (डिफ्यूज) करते, आणि तिथे तर राउंड संपेपर्यंत परत येणंच नाही. तुम्हाला वाटेल, तिथे तरी किल म्हणजेच जिंकणं. मलाही तसंच वाटायचं. एका मॅचच्या शेवटच्या राउंडमध्ये मी एकटा उरलो होतो, समोर दोघे आणि बॉम्ब लावलेला. पहिल्याला जिन्यावर टिपलं, दुसऱ्याला खोक्यांमागून बाहेर काढायला बराच वेळ गेला, पण तोही पडला. टीममेट चॅटमध्ये शाबासकी देत होते. मी बॉम्बवर बसलो आणि डिफ्यूजची पट्टी सुरू झाली. तिथे बॉम्बचं घड्याळ 40 सेकंदांचं असतं. हातात किट (डिफ्यूजची हत्यारं) असेल तर डिफ्यूजला 5 सेकंद लागतात, नसेल तर 10. किट 400 डॉलरला मिळतं. राउंडच्या सुरुवातीला माझ्याकडे तेवढे पैसे होते आणि मी ते आणखी एका ग्रेनेडवर घातले होते. पट्टी अर्ध्याच्या पुढे गेली आणि स्फोट झाला. समोरची अख्खी टीम मेलेली होती आणि राउंड त्यांचा होता. तो ग्रेनेड मी फेकलासुद्धा नव्हता. तेव्हापासून बचावाच्या बाजूला असलो की बंदुकीनंतर आधी किट घेतो.

आता हार्डपॉइंट. तुम्ही याच मोडमध्ये जास्त हरत असाल असा माझा अंदाज आहे. एक टेकडी, म्हणजे मॅपवर आखलेली ताब्यात ठेवायची जागा, 60 सेकंद चालू राहते, मग ती बंद होऊन दुसरीकडे सुरू होते. आत एकटा उभा असो की चौघे, सेकंदाला 1 गुण आणि 250 ला मॅच. दोन्ही टीमचं कोणी ना कोणी आत असेल तर कोणालाच काही नाही. यातून दोन गोष्टी निघतात. पहिली, टेकडीत गर्दी करून काही मिळत नाही. एक जण आत पुरे, बाकीच्यांनी बाहेर राहून येणाऱ्यांच्या वाटा अडवायच्या. दुसरी, हरत असलात तरी एक पाय आत ठेवून त्यांचा मीटर थांबवणं हीसुद्धा कमाईच आहे. तुमचा जो टीममेट टेकडीत सहा सेकंद तगून मेला, त्याने समोरच्यांचे सहा गुण खाल्ले. ते कुठल्याही रकान्यात ठळकपणे दिसत नाहीत.

पण हार्डपॉइंटचा खरा जीव पुढच्या टेकडीत असतो. अशाच एका मॅचमध्ये माझ्या टीममध्ये एक अनोळखी खेळाडू होता. चालू टेकडीला 15-20 सेकंद उरले की तो उठून चालू लागायचा. लढाई इथे चाललेली आणि हा पाठ फिरवून निघालेला. मला राग आला होता, चॅटमध्ये मी तो लिहूनही दाखवला. त्याने उत्तर दिलं नाही. पुढच्या टेकडीच्या मागे, एका भिंतीला पाठ लावून तो नुसता उभा राहायचा. टेकडी बदलली की आम्ही मेलेले तिघे त्याच्याच आसपास जिवंत व्हायचो, टेकडीपासून चार पावलांवर, आणि शत्रू लांबून पळत यायचे. तिसऱ्या टेकडीला हे माझ्या लक्षात आलं. हे गेम तुम्हाला साधारणपणे आपल्या माणसांजवळ आणि शत्रूंपासून लांब जिवंत करतात. तो माणूस तिथे उभा राहून आम्हा सगळ्यांची जागा धरून ठेवत होता. इंग्रजीत याला अँकर म्हणतात. त्या मॅचमध्ये माझे किल्स तिशीच्या वर होते, त्याचे दहा-अकरा. मॅच त्याने जिंकून दिली, आणि मी त्याला चॅटमध्ये काय लिहिलं होतं ते मला अजून आठवतं.

तुमचे टीममेट टेकडी सुरू झाल्यावर तिकडे पळत असतील तर ती वरातीमागून घोडी. समोरचे तोवर बसलेले असतात आणि दारात येणाऱ्याला आरामात टिपतात. म्हणजे लवकर निघायचं काम कोणाला तरी करावंच लागतं. ते तुम्ही करा. किल्स कमी होतील. होऊ द्या.

ऑब्जेक्टिव्हवर (झेंडा, टेकडी, पॉइंट) किती जणांनी थांबायचं, याचं एकच उत्तर सगळ्या मोडना लागू पडत नाही. हार्डपॉइंटमध्ये एक पुरे हे वर आलंच. डॉमिनेशनमध्ये झेंड्यावर दोघे उभे राहिले तर तो लवकर मिळतो, म्हणून सुरुवातीच्या धावपळीत बीवर दोघांनी जावं, घरच्या झेंड्याला एक पुरतो. टीम फोर्ट्रेस 2 च्या पेलोड मोडमध्ये एक गाडी पुढे न्यायची असते; तिच्याजवळ तिघांपर्यंत माणसं वाढतील तसा वेग वाढतो, त्यापुढे चौथ्याचा उपयोग नाही, आणि स्काउट या प्रकारचा खेळाडू एकटाच दोघांएवढा मोजला जातो. चौथ्याने पुढचा कोपरा साफ करावा. बॅटलफिल्डच्या कॉन्क्वेस्टमध्ये निम्म्याहून जास्त झेंडे धरले की समोरच्यांची तिकिटं, म्हणजे शिल्लक गुण, आपोआप गळू लागतात. तिथे पाचपैकी तीन झेंडे नीट राखले तरी काम होतं, चौथ्यामागे अख्ख्या टीमने धावायची गरज नसते. कुठलाही नवा मोड सुरू केला की मी आधी एवढंच बघतो: गुण कशाने वाढतो, आणि माणसं वाढवली तर तो वेगाने वाढतो का. दोन मॅचमध्ये हे कळतं.

डॉमिनेशनमध्ये चांगल्या नेमबाजांकडून होणारी एक खास चूक सांगायलाच हवी. तुमच्याकडे ए आणि बी आहेत, समोरचे सीजवळ अडकलेत, तुमचा हात चाललाय. मोह होतो की सीसुद्धा घेऊन टाकू. सी घेतला की समोरच्यांना जिवंत व्हायला त्यांची अशी जागा उरत नाही, आणि गेम त्यांना भलतीकडे उठवतो, बऱ्याचदा तुमच्या पाठीमागे एजवळ. मिनिटाभरात ए जातो, मागोमाग बी जातो, आणि हातात उरतो तो लांबचा सी. हातचं सोडून पळत्याच्या पाठी लागल्यावर होतं ते असं. दोन झेंड्यांवर मिनिटाला 12 गुणांची आघाडी आपोआप मिळत असताना तिसऱ्याची गरज फक्त तुम्ही खूप मागे असाल आणि वेळ संपत आला असेल तेव्हाच. एरवी सीच्या तोंडाशी थांबा, आत शिरू नका. शत्रू तिथूनच उठत राहतील आणि तुमचा नेम तिथेच कामी येईल.

ओव्हरवॉचसारख्या गेममध्ये याच्या उलट चूक होते, एकेक करून जाऊन मरण्याची. चौघे मेलेले असताना पाचवा एकटा पॉइंटवर उडी घेतो. तो मरतो तोवर पहिला परत आलेला असतो, मग तो एकटा जातो. पॉइंटच्या ताब्याचा मीटर संपायला आला नसेल तर थांबा, सगळे जमू द्या. मात्र ओव्हरटाइम (वाढीव वेळ) चालू असेल तर कोणीतरी पॉइंटला चिकटून राहायलाच हवं. भले भले इथे चुकलेत. 2017 साली कोरियातल्या एपेक्स या ओव्हरवॉच स्पर्धेत क्लाउड नाइन (सी नाइन) या टीमच्या व्यावसायिक खेळाडूंनी लढाईच्या भरात पॉइंट मोकळा सोडला आणि हातातला डाव गमावला. अशी चूक दिसली की लोक अजूनही चॅटमध्ये ‘सी नाइन’ लिहितात. दिवसभर सराव करणाऱ्यांचं लक्षही समोरच्या शत्रूवर खिळून जातं, तर आपलं जाणारच. त्यावर मला लागू पडलेला उपाय एकच: प्रत्येक किलनंतर पुढचा शत्रू शोधण्याआधी एकदा वर स्कोअर आणि घड्याळ बघायचं. सुरुवातीला मुद्दाम करावं लागतं, आठवड्याभरात डोळे आपोआप वर जातात.

सवय मोडायची असेल तर काही दिवस स्प्लाटूनसारखं काहीतरी खेळून बघा. त्याच्या टर्फ वॉरमध्ये चार विरुद्ध चार, 3 मिनिटं, आणि शेवटी कोणाच्या रंगाने जास्त जमीन रंगली एवढंच मोजतात. समोरच्याला मारलं तरी त्या रिकाम्या सेकंदांत जमीन रंगवली नाही तर काही उपयोग होत नाही. माझ्या डोक्यात हा सगळा विचार पहिल्यांदा तिथेच नीट बसला.

माइकचं म्हणाल तर नसला तरी फार अडत नाही. अनोळखी लोक सूचना फारशा ऐकत नाहीत, पण समोर चाललेलं काम बघून मागे येतात. पिंग (टीमला जागा दाखवणारी खूण) वापरा, मात्र एका जागी एकदाच, दहा वेळा वाजवलात तर लोक बंद करून टाकतात. झेंड्यावर जाणारा टीममेट दिसला की त्याच्या पुढच्या वाटेवर स्मोक (धुराचा ग्रेनेड) टाका, तो आणखी चार सेकंद तगेल. आणि जिवंत राहून योग्य ठिकाणी उभं राहणं हीसुद्धा न बोलता दिलेली सूचनाच आहे, कारण मेलेले टीममेट तुमच्या आसपास उठणार आहेत.

आता चूक कोणाची. झेंड्यावर जाऊन मरणारे टीममेट बिनडोकपणे मरत असतील तर ती त्यांची चूक खरीच, विशेषतः एकेक करून जात असतील तर. पण तुमच्या एखाद्या हरलेल्या मॅचचं रेकॉर्डिंग असेल तर एकदा फक्त त्यांच्याकडे लक्ष ठेवून बघा. झेंड्यावर गेलेल्याला 10 सेकंद तिथे उभं राहावं लागतं, आणि तेवढा वेळ दार कोणीतरी धरून ठेवेल या भरवशावरच तो आत शिरलेला असतो. ते दार धरायला तुमच्या टीममध्ये सर्वात चांगला नेम तुमचाच आहे, आणि त्या 10 सेकंदांत तुम्ही मॅपच्या दुसऱ्या टोकाला असता.