जुना टेप, नवा फोन: वाचकांचे प्रश्न

या वेळी बरेचसे प्रश्न एकाच विषयाचे आलेत. गाडी जुनी आहे, चांगली चालते, विकायची नाही, फक्त तिच्या टेपला आताचा फोन कसा जोडायचा एवढंच विचारलंय. म्हणून हा आख्खा कॉलम त्यालाच दिला. एक आधीच सांगतो, दुकानात गेलं की पहिल्यांदा 'हे काढून टाका, स्क्रीन बसवू' असंच ऐकायला मिळतं, पण त्याला हो म्हणायच्या आधी आपल्या टेपला तोंड कोणतं आहे ते नीट बघा, कॅसेटचं, ऑक्सचं (हेडफोनसारखी पिन बसते ते गोल भोक), यूएसबीचं का नुसत्या रेडिओचं. बऱ्याच जणांचं काम दोन-चारशे रुपयांत होण्यासारखं आहे, आणि कंपनीनं बसवलेली वायरिंग न कापता होण्यासारखं आहे, हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं.

प्रश्न: आमच्याकडं जुनी वॅगन आर आहे, कॅसेटचा डेक आहे, ऑक्स नाही, यूएसबी नाही. आईला पंढरपूरला जाताना हरिपाठ ऐकायचा असतो, कॅसेटी सगळ्या खराब झाल्यात, फोनवर सगळं आहे पण लावावं कुठं? दुकानदार म्हणतो एफएम ट्रान्समीटर घ्या. घेऊ का? (एक वाचक, अंबाजोगाई)

उत्तर: दादा, डेकची कॅसेट अजून फिरत असेल तर एफएमच्या मागं लागू नका, कॅसेट अडॅप्टर घ्या. दिसायला कॅसेटच असते, तिच्यातून एक वायर बाहेर येते नि ती फोनला लागते. आत टेपची फीतच नसते, त्या जागी एक छोटं हेड असतं, ते तुमच्या डेकच्या हेडला, म्हणजे फितीवरचा आवाज वाचणाऱ्या भागाला, चिकटून बसतं आणि फोनचा आवाज चुंबकाच्या जोरावर पलीकडं जातो, म्हणून मधी रेडिओची खरखर नाही, स्टेशन घुसायची भानगड नाही.

पण घ्यायच्या आधी डेक तपासा. एखादी टाकाऊ कॅसेट घालून बघा, दोन्ही चक्र्या फिरतायत का, का लगेच बाहेर फेकतोय. जुन्या डेकचे रबरी बेल्ट आपल्याकडच्या उन्हानं कडक होतात, ढिले पडतात, आणि चक्री फिरंना गेली की डेकला वाटतं फीत संपली, मग तो अडॅप्टरसुद्धा बाहेर काढतो. बेल्ट बदलून मिळतो, टेप दुरुस्त करणारे जुने कारागीर अजून आहेत, विचारून बघा. दुसरं, हेड साफ करा. मोबाइल रिपेअरवाल्याकडं आयसोप्रोपाइल अल्कोहोल असतं, कानात घालायच्या कापसाच्या काडीला ते लावून डेकच्या तोंडातून हेडवर हळू फिरवा, काडी तपकिरी होऊन बाहेर येईल, जुन्या कॅसेटींचं ते सगळं घासलेलं असतं, काडी स्वच्छ येईपर्यंत करा. आवाजात एवढा फरक पडतो की पुष्कळ जणांना वाटतं स्पीकरच बदलले.

अडॅप्टर घातल्यावर काहीच ऐकू आलं नाही तर घाबरू नका, ऑटो रिव्हर्स डेक उलट्या बाजूनं चालू झाला असेल, बाजू बदलायचं बटण एकदा दाबा. डेकवर डॉल्बीचं बटण असेल तर बंद ठेवा, नाहीतर आवाज दबल्यासारखा येतो. फोनचा आवाज बारा आणे ठेवायचा नि बाकीचा डेकवरून वाढवायचा, फोन फुल केला की टाळ फाटल्यासारखे वाजतात.

एफएम ट्रान्समीटर मी शेवटचा पर्याय म्हणून सांगतो, म्हणजे कॅसेट मेलेली, ऑक्स नाही, नुसता रेडिओ जिवंत आहे तेव्हा. तो ८७.५ ते १०८ मेगाहर्ट्झच्या पट्ट्यात एक बारीक स्टेशन तयार करतो नि तुमचा रेडिओ ते पकडतो. मोकळ्या रानातनं गाडी चाललीय तोवर छान चालतं, शहराजवळ आलं की त्याच आकड्यावर खरं स्टेशन घुसतं नि हरिपाठात जाहिरात ऐकू येते, मग चालत्या गाडीत ट्रान्समीटरचा आकडा बदला, रेडिओचा बदला, हे मला अजिबात पटत नाही. घ्यायचाच झाला तर निघायच्या आधी रेडिओवर दोन-तीन रिकामे आकडे शोधून कागदावर लिहून ठेवा.

प्रश्न: माझ्या गाडीच्या टेपला यूएसबी आहे. पेनड्राइव्ह लावला की गाणी वाजतात, पण फोनची केबल लावली की नुसता चार्ज होतो, स्क्रीनवर 'नो फाइल' येतं. केबल बदलून बघितली, तरी तेच. टेप खराब आहे का? (नांदेडहून एक विद्यार्थी)

उत्तर: टेप चांगला आहे, फोनही चांगला आहे, दोघांची बोलायची पद्धत वेगळी झालीय. पूर्वीचे अँड्रॉइड फोन केबल लावली की पेनड्राइव्हसारखे वागायचे, त्याला मास स्टोरेज म्हणतात. त्यात अडचण अशी की आपण घर भाड्यानं देऊन स्वतः बाहेर थांबावं तसं व्हायचं, टेप किंवा कॉम्प्युटर ती मेमरी वापरत असताना फोनला स्वतःला ती वापरता यायची नाही. म्हणून २०११ला आलेल्या अँड्रॉइड ४.० पासून फोन एमटीपी नावाच्या पद्धतीवर गेले, त्यात फोन स्वतः मधी बसून एकेक फाइल काढून देतो. तुमच्या टेपला ते एमटीपी कळत नाही, त्याला फक्त पेनड्राइव्ह ओळखता येतो. केबल कितीही भारी घ्या, उपयोग नाही.

मग करायचं काय? टेपवर ऑक्सचं गोल भोक असेल तर ऑक्सची वायर, तोच सरळ रस्ता. फोनला हेडफोनचं भोक नसेल तर टाइप-सीचं कन्व्हर्टर लागतं, आणि तिथं लोक फसतात, कारण कन्व्हर्टर दोन जातीचे येतात. एकात नुसत्या तारा असतात, तो ठरावीक फोनवरच चालतो, दुसऱ्यात डॅकची, म्हणजे फोनमधल्या डिजिटल गाण्याचा आवाज करून देणारी, चिप असते, तो जवळपास सगळ्या फोनवर चालतो. दुकानात 'डॅकवाला द्या' म्हणूनच मागा नि तिथंच आपल्या फोनला लावून गाणं वाजवून घ्या.

बाजारात यूएसबीत खोचायचं छोटं ब्लूटूथ मिळतं, ते नुसतं यूएसबीत खोचून गाणं वाजेल असं समजून खूप जण घेतात. त्यातल्या बहुतेकांना यूएसबीतनं फक्त करंट लागतो, आवाज ऑक्समधूनच जातो, सोबत ती छोटी वायर त्यासाठीच देतात. ऑक्स असेल तर ही वस्तू उत्तम, नसेल तर पैसे घालू नका.

आणि ऑक्स नसेल तर पेनड्राइव्हच वापरा, त्यात कमीपणा काही नाही, रेंज नसलेल्या रस्त्यावर तोच कामाला येतो. १६ किंवा ३२ जीबीचा घ्या, फॉरमॅट करताना फॅट३२ निवडा, एक्सफॅट किंवा एनटीएफएस केला तर जुना टेप ओळखत नाही. गाणी एमपी३ ठेवा. देवनागरीत नाव असलेल्या फाइली काही टेपवर चौकटी-चौकटी दिसतात, म्हणून नाव इंग्रजी अक्षरांत लिहून पुढं ०१, ०२ घाला, पण आकडेसुद्धा इंग्रजीच. तरीबी क्रम चुकत असेल तर पेनड्राइव्ह रिकामा करा नि फाइली पाहिजे त्या क्रमानं एकेक करून कॉपी करा, पुष्कळ जुने टेप नावाप्रमाणं नाही, ज्या क्रमानं फाइल आली त्या क्रमानं वाजवतात.

प्रश्न: ऑक्सवर गाणं लावलं आणि फोन चार्जिंगला लावला की स्पीकरमधून कुईंऽऽ असा आवाज येतो, रेस दिली की तो वाढतो. मेकॅनिक म्हणतो अल्टरनेटर (इंजिनवर फिरून बॅटरी भरतो तो) बदला. (जालन्याहून एक वाचक)

उत्तर: काका, अल्टरनेटरला हात लावू नका, आधी हे करा. गाडी चालू ठेवून, गाणं चालू ठेवून चार्जरची केबल काढा. कुईं बंद झाली? मग अल्टरनेटर ठीक आहे, हा अर्थिंगचा फेरा आहे, ज्याला ग्राउंड लूप म्हणतात. फोनला अर्थ, म्हणजे अर्थिंग, दोन वाटांनी मिळतोय, एक चार्जरमधून, एक ऑक्सच्या वायरमधून टेपकडून. या दोन जागांच्या अर्थमधी बारीकसा फरक असतो नि अल्टरनेटरचा करंट तो फरक हलवत राहतो, तोच ऑक्सच्या वायरीतनं स्पीकरला पोचतो. इंजिन जोरात फिरलं की सूर चढतो तो त्यामुळंच.

खरं कारण कळलं की इलाज स्वस्त आहे. ग्राउंड लूप आयसोलेटर नावाची छोटी डबी मिळते, ऑक्सच्या वायरीत मधी लावायची, आत बारीक ट्रान्सफॉर्मर असतात, आवाज पलीकडं जातो पण अर्थची वाट तुटते. फार स्वस्त घेतली तर खालचा आवाज, ढोलकीचा वगैरे, जरा कमी होतो, तेवढं बघून घ्या. आजच्या आज पाहिजे असेल तर फोन पॉवर बँकेवर चार्ज करा, पॉवर बँकेचा गाडीशी संबंधच नाही, कुईं येणार नाही. चार्जर काढूनही आवाज राहिला तर मात्र टेपच्या मागची काळी वायर, अर्थची, बॉडीला जिथं जोडलीय तिथला गंज खरवडून घट्ट करून घ्या.

प्रश्न: भाऊ, आमच्या गाडीत ऑक्सवर गाणं लावलालो तर नुसतं वाजिंत्र ऐकू येलालंय, गाणारीचा आवाजच नाही. लांबून भांड्यातून आल्यासारखं वाटलालंय. फोनवर हेडफोन लावला तर सगळं बरोबर येतंय. (लातूरहून एक ताई)

उत्तर: ताई, ही खूण एवढी पक्की आहे की न बघता सांगता येतं, तुमच्या ऑक्सच्या पिनचं अर्थिंग लागंना गेलंय. गाणाऱ्याचा आवाज डाव्या आणि उजव्या दोन्ही बाजूंत सारखा भरलेला असतो. अर्थ तुटला की स्पीकरला डाव्या-उजव्यातला फक्त फरक मिळतो, जे सारखं आहे ते एकमेकांना खाऊन टाकतं, म्हणून आवाज गायब नि बाजूची वाद्यं शिल्लक.

पिन अर्धवट बसली असेल, फोनचं जाड कव्हर आड येत असेल, कव्हर काढून टक्कन आवाज येईपर्यंत दाबा. फोनच्या भोकात खिशातला कापूस नि आपल्या काळ्या मातीची धूळ दाबून बसलेली असते, फोन बंद करून लाकडी टूथपिकनं हलक्या हातानं काढा, सुई घालू नका. तरी तसंच राहिलं तर वायर बदला, नि नवी घेताना पिनवर दोन काळ्या रेघा असलेली घ्या. तीन रेघांची पिन माइकवाल्या हेडफोनची असते, ती काही टेपच्या भोकात अर्थ सोडते.

प्रश्न: नवीन टेप बसवल्यापासून दोन दिवस गाडी उभी राहिली की बॅटरी उतरते. बसवणाऱ्यानं जुना कपलर (टेपमागचा वायरींचा प्लग) कापून वायरी पिळून टेप लावलाय. त्यानं फ्यूजही काढून तार गुंडाळलीय असं आत्ता दिसलं. (परभणीहून एक शेतकरी)

उत्तर: दादा, ती तार आज काढा, उद्यावर टाकू नका. टेपच्या मागं बहुतेक १० अँपिअरचा फ्यूज असतो, वायर कुठं घासून शॉर्ट झाली तर फ्यूज जळतो नि गाडी वाचते. तार असली तर ती जळत नाही, डॅशबोर्डच्या मागची वायर पेटते. याबाबतीत मला कुणाचाच 'चालतंय की' ऐकायचा नाही.

आता बॅटरीचं. टेपला करंटच्या दोन वायरी असतात, पिवळी आणि लाल. पिवळी कायम बॅटरीला, टेप बंद असताना ती घड्याळ नि स्टेशनं लक्षात ठेवते, तेव्हा खाते अगदी थोडं. लाल चावीवरून आली पाहिजे, चावी काढली की टेप मेला पाहिजे. तुमच्या इथं दोन्ही एकत्र पिळून बॅटरीला दिलेल्या असणार, टेप अर्धा जागाच राहतो. उलट ज्यांचा टेप चावी काढली की दर वेळी घड्याळ विसरतो, त्यांच्या पिवळ्या-लालची अदलाबदल झालेली असते.

स्पीकरच्या वायरीही उघडून बघा. पांढरी पुढची डावी, राखाडी पुढची उजवी, हिरवी मागची डावी, जांभळी मागची उजवी, आणि त्याच रंगावर काळी रेघ असलेली त्या स्पीकरची मायनस. बाहेरून घेतलेल्या बहुतेक टेपांना हेच रंग असतात, पण टेपवरचा स्टिकर वाचूनच जोडा. ही मायनस बॉडीला लावायची नाही. फार जुन्या गाड्यांत स्पीकरची एक बाजू बॉडीलाच असायची, ती तशीच ठेवून आताचा टेप लावला की आतली अँपची आयसी, म्हणजे आवाज वाढवणारी चिप, जाते. तिथं दोन नव्या वायरी ओढणं हाच उपाय.

कापलेला कपलर परत येत नाही, पण त्या गाडीचा कन्व्हर्टर कपलर आणून वायरी सोल्डर करून त्यावर स्लीव्ह चढवून घ्या. नुसती पिळून चिकटपट्टी मारलेली जोडणी उन्हात सुटते, मराठवाड्यात उन्हाळ्यात बंद गाडीच्या डॅशबोर्डवर हात टेकवत नाही, तिथं त्या पट्टीचा गोंद काय टिकणार.

प्रश्न: गाडीच्या टेपला ब्लूटूथ आहे, फोन आला की स्पीकरवर बोलता येतं पण गाणं काही वाजत नाही. (हिंगोली)

उत्तर: काही जुन्या टेपांचं ब्लूटूथ फक्त कॉलपुरतं असतं, त्याला एचएफपी म्हणतात. गाण्यासाठी एटूडीपी लागतं. आधी फोनच्या ब्लूटूथ सेटिंगमध्ये गाडीच्या नावावर जाऊन 'मीडिया ऑडिओ' चालू आहे का बघा, कधीकधी तेच बंद असतं. तिथं तो पर्यायच दिसत नसेल तर टेपला एटूडीपी नाही, ऑक्सच्या वायरनं गाणं नि ब्लूटूथनं कॉल असं वापरा. आणि गाण्यांची यादी गाडी सुरू करायच्या आधीच लावा, चालवताना फोन हातात धरणं २०१९च्या दुरुस्तीपासून मोटार वाहन कायद्याच्या कलम १८४ खाली धोकादायक ड्रायव्हिंगमध्ये धरलं जातं.

प्रश्न: कारचा काढलेला चांगला टेप आमच्या मोठ्या ट्रकमध्ये बसवू का? (बीडहून एक ड्रायव्हर)

उत्तर: थेट नाही. मोठ्या ट्रकचं वायरिंग २४ व्होल्टचं असतं, कारचा टेप १२ व्होल्टचा, लावल्या लावल्या जाईल. मधी २४ चे १२ करणारा कन्व्हर्टर लावा, टेपच्या फ्यूजपेक्षा जास्त अँपिअरचा. दोन बॅटऱ्यांपैकी एकीवरूनच १२ काढायचा सल्ला मिळेल, तो ऐकू नका, एक बॅटरी कायम कमी भरलेली राहते नि दोन्ही लवकर जातात. फोनचा चार्जर घेतानाही त्यावर '१२-२४ व्होल्ट' असं लिहिलेलं बघूनच घ्या.