ओव्हनमधले बटाटे : खरपूसपणा आधी, सुवास नंतर

प्रश्न : स. न. वि. वि. मुलाने पुण्याहून येताना रोझमेरी आणि थाइमच्या वाळलेल्या पानांच्या बाटल्या आणल्या. आमच्याकडे २८ लिटरचा ओटीजी (विजेचा छोटा ओव्हन) आहे. एक किलो बटाटे सोलून, फोडी करून, त्यांना तेल, मीठ, ठेचलेला लसूण आणि ही पाने चोळली आणि १८० अंशांवर पाऊण तास भाजले. बटाटे शिजले, पण वरून ओलसरच राहिले. लसूण करपला आणि पाने कडवट लागली. तापमान वाढवले तर पाने काळी पडतात. नेमके काय चुकते आहे?
– एक वाचक, राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर : बटाट्यावर खरपूस पापुद्रा येण्यासाठी जी उष्णता लागते, ती लसणाला आणि वाळलेल्या पानांना सोसत नाही, त्यामुळे सगळे जिन्नस एकाच वेळी ट्रेमध्ये गेले की दोहोंपैकी एकाचे नुकसान ठरलेलेच असते. आपण १८० अंशांवर पाने वाचवायला गेलात आणि पाने तर वाचली नाहीतच, बटाटेही फिके राहिले. ही दोन कामे वेगळी करावीत. बटाटा आधी कोरडा आणि खरपूस होऊ द्यावा. सुवास तेलातून आणि अगदी शेवटी द्यावा.

बटाट्याच्या वजनात तीन-चतुर्थांशांहून अधिक पाणी असते, म्हणजे आपल्या किलोभर बटाट्यांत पाऊण लिटरहून जास्त पाणी होते. फोडीच्या पृष्ठभागावर ओल आहे तोवर तेथील तापमान १०० अंशांच्या फारसे वर चढत नाही, आणि तांबूस रंग व भाजल्याचा वास देणारी प्रक्रिया साधारण १४० अंशांच्या पुढेच जोर धरते. २८ लिटरच्या ओटीजीच्या एका ट्रेमध्ये किलोभर फोडी दाटीने पसरल्या की वाफेला निघून जायला वाट उरत नाही आणि बटाटे भाजण्याऐवजी वाफवले जातात. म्हणून एका वेळी अर्धा किलोच घ्यावा, दोन फोडींमध्ये बोटभर अंतर ठेवावे, आणि पाहुणे जास्त असतील तर दोन घाणे काढावेत. पुस्तकांत सहसा किलोचे प्रमाण दिलेले असते ते मोठ्या ओव्हनसाठी. आपल्या घरांतल्या ओटीजीला ते झेपत नाही.

आता कृतीकडे वळू. बटाटे सोलून साधारण ४ सेंटिमीटरच्या फोडी कराव्यात आणि त्या थंड पाण्यातच उकडायला ठेवाव्यात, कारण उकळत्या पाण्यात टाकलेली फोड बाहेरून विरघळू लागते तेव्हा आत अजून कच्ची असते. अर्ध्या किलोला एक लिटर पाणी, दीड चहाचा चमचा मीठ आणि पाव चहाचा चमचा खाण्याचा सोडा घ्यावा. सोड्याचे नाव काढल्यावर काही जणी नाक मुरडतील, पण त्याचे काम येथे महत्त्वाचे आहे: बटाट्याच्या पेशींना सांधून ठेवणारे पेक्टिन सोड्याच्या पाण्यात लवकर सुटते आणि फोडीचा वरचा थर खरबरीत, पिठूळ होतो. पुढे तोच थर तेल पिऊन कुरकुरीत होतो. व्हिनेगर किंवा लिंबू याच्या बरोबर उलट वागते आणि फोड घट्ट ठेवते, तेव्हा उकडताना आंबट काही घालू नये. पाण्याला उकळी आल्यावर ८ ते १० मिनिटांत सुरी थोड्या अडथळ्याने आत जाऊ लागली की फोडी चाळणीत उपसाव्यात, एक-दोन मिनिटे वाफ निघून जाऊ द्यावी, मग त्याच कोरड्या, गरम पातेल्यात परत घालून झाकण दाबून धरून पातेले चांगले हिसडावे. फोडींच्या कडा मोडून त्यांवर लगद्याचा पातळ लेप बसला पाहिजे.

या टप्प्यावर फोडी परातीत उघड्या पसरून दोन-तीन तास ठेवल्या तरी बिघडत नाही, उलट त्या आणखी कोरड्या होतात. संध्याकाळी माणसे जेवायला यायची असतील तर दुपारीच एवढे काम उरकून ठेवता येते.

ओटीजीच्या वरच्या आणि खालच्या दोन्ही कांड्या लावून, रिकामा ट्रे आत ठेवून, २२० अंशांवर किमान १५ मिनिटे तो तापू द्यावा. फोडींना दोन मोठे चमचे तेल चोळून त्या गरम ट्रेवर मांडाव्यात आणि पहिली २० मिनिटे दार उघडू नये. लहान ओटीजीमधली उष्णता दार उघडताच भस्सकन निघून जाते, आणि तळाचा पापुद्रा धरण्याआधी फोड हलवली तर तो ट्रेलाच चिकटून राहतो. नंतर फोडी उलटून आणखी २० ते २५ मिनिटे भाजाव्यात. रंग सोनेरी झाला की थांबावे, गडद तपकिरी होईपर्यंत वाट पाहू नये. पिष्टमय पदार्थ फार भाजले की त्यांत ॲक्रिलामाइड हे नको असलेले द्रव्य वाढते, हे २००२ मध्ये स्वीडनमधील संशोधकांनी दाखवून दिले.

तेल रिफाइंड शेंगदाण्याचे किंवा सूर्यफुलाचे चांगले. घाण्याचे शेंगतेल लवकर धुरावते आणि त्याचा स्वतःचा वास इतका ठसठशीत असतो की पुण्याहून आलेल्या बाटल्यांचा खर्च वाया जातो. लोण्यातला दुधाचा अंश करपतो, साजूक तूप मात्र चालते.

सुवासासाठी असे करावे. हेच दोन चमचे तेल आधी लहान कढईत मंद आचेवर ठेवून त्यात लसणाच्या चार-पाच जाडसर ठेचलेल्या पाकळ्या सोडाव्यात. लसूण सोनेरी झाला की गॅस बंद करून मगच वाळलेली पाने घालावीत, पाच मिनिटे झाकून ठेवावे आणि तेल गाळून घ्यावे. हे गाळलेले तेल फोडींना चोळायचे. गाळणीत उरलेला लसूण आणि पाने बाजूला ठेवायची आणि बटाटे ओव्हनमधून बाहेर काढल्या काढल्या त्यांवर घालून हलवायची. अर्ध्या किलोला एक सपाट चहाचा चमचा वाळलेली पाने पुरतात. ताजी असतील तर त्याच्या तिप्पट घ्यावीत आणि लसणाबरोबरच तेलात सोडावीत. बाटली उघडल्यावर चिमूटभर पाने तळहातावर चोळून पाहावीत. वास आला नाही तर तो नुसता पाला समजावा. लसणाचे हे तेल करून बाहेर साठवून मात्र ठेवू नये, कारण तेलाखाली हवा न मिळणाऱ्या लसणात बोट्युलिझम या घातक विषबाधेचे जंतू वाढण्याचा धोका असतो. लागेल तेवढेच करावे आणि त्याच दिवशी संपवावे.

आपण कोणता बटाटा घेतला ते पत्रात लिहिलेले नाही, आणि निम्मा फरक तेथेच पडतो. मंडईत आग्रा, इंदूर अशी जी नावे ऐकू येतात ती गावांची आहेत, वाणांची नव्हेत. एकाच नावाखाली आज एक वाण मिळेल, पुढच्या आठवड्यात दुसरा. पातळ सालीचा नवा बटाटा पाणीदार असतो आणि रश्श्याला शोभतो. भाजण्यासाठी जाड सालीचा, पिष्ट जास्त असलेला बटाटा हवा. पारख करायची असेल तर ११ वाट्या पाण्यात १ वाटी मीठ विरघळवून त्यात बटाटा सोडावा: पिष्ट जास्त असलेला बुडतो, चिकट जातीचा तरंगतो. शीतगृहातून नुकताच निघालेला किंवा घरी फ्रीजमध्ये ठेवलेला बटाटा टाळावा, कारण थंडीत पिष्टाची साखर होते आणि तो शिजायच्या आत काळपट पडतो. उन्हाळ्यात वाळवणाचे वेफर करणाऱ्या घरांतून गोडसर बटाटा बाजूला काढतात, कारण तो तळताना लाल होतो. तोच नियम येथे लावावा. असा बटाटा घरात आलाच असेल तर फ्रीजबाहेर, अंधाऱ्या आणि हवेशीर जागी दोन-तीन आठवडे ठेवल्यास साखर बरीच कमी होते. हिरवट भाग दिसल्यास तो सढळ हाताने कापून टाकावा.

प्रश्न : परदेशी पाने आणायची कोठून आणि ती टिकवायची कशी? आपल्या मंडईत मिळणाऱ्या पानांनी हा पदार्थ होईल का? आणि आपला कांदा-लसूण मसाला लावून भाजले तर?
– एक वाचक, शिवाजी पेठ, कोल्हापूर

उत्तर : होईल, आणि माझ्या मते काही बाबतींत अधिक चांगला होईल. थाइमचा जो वास आहे तो मुख्यतः थायमॉल या द्रव्याचा, आणि आपल्या ओव्यातही तेच द्रव्य भरपूर असते. अर्ध्या किलोला अर्धा चहाचा चमचा ओवा गरम तेलात फुलवून ते तेल वापरले तर डोळे मिटून खाणाऱ्याला थाइमची आठवण होईल. अंगणातल्या कुंडीत ज्याला आपण पानओवा म्हणतो, ती ओव्याच्या झाडाची पाने नव्हेत. ते पुदिन्याच्या कुळातले वेगळे झाड आहे आणि ओरेगॅनोचा वास देणारे कार्व्हाक्रॉल त्याच्या जाड, लवदार पानांत असते. ही पाने रसाळ असल्यामुळे अख्खी भाजू नयेत. बारीक चिरून, तेलात पाणी आटेपर्यंत परतून शेवटी घालावीत.

कढीपत्त्याबद्दल फार सांगायला नको. तो तेलात कुरकुरीत करून, हाताने चुरून वरून पेरला की पुरे.

शेपूचा विचार मात्र फारसे कोणी करत नाही, आणि ते नवल आहे. स्वीडनसारख्या देशांत उकडलेल्या कोवळ्या बटाट्यांवर लोणी आणि शेपू घालून खाण्याची जुनी रीत आहे, आणि आपल्याकडे पेठेतल्या कोणत्याही भाजीवालीकडे शेपूची जुडी मिळते. कोवळी शेपू बारीक चिरून, बटाटे ओव्हनबाहेर आल्यावर, थोड्या तुपासह मिसळावी. पुदिना, कोथिंबीर आणि लसणाची पात यांनाही हाच नियम लागू पडतो: मऊ पानांना ओव्हन दाखवूच नये. लिंबू पिळायचे असेल तर ताटात वाढल्यावर, नाहीतर पापुद्रा भिजतो.

कांदा-लसूण मसाल्याबाबत सावध राहावे. याच मसाल्याला आपण कोल्हापुरात नुसती चटणी म्हणतो, आणि तिच्यात सुके खोबरे, तीळ, कांदा आणि लसूण आधीच तळलेले किंवा भाजलेले असतात. २२० अंशांवर पाऊण तास ठेवले तर ते जळतील, खकाणा उठेल आणि मसाल्याचा गोडवा जाऊन नुसता कडवटपणा राहील. भाजलेल्या अर्ध्या किलो बटाट्यांसाठी एक मोठा चमचा तेल गरम करून गॅस बंद करावा, त्यात एक चहाचा चमचा चटणी घालावी आणि ते तेल गरम बटाट्यांवर ओतून हलवावे. चटणी घातली तर रोझमेरी घालू नये. दोन्ही एकमेकींना ऐकू देत नाहीत.

ज्यांना ताज्या रोझमेरीचीच हौस आहे त्यांनी कुंडीत लावायला हरकत नाही. ते भूमध्य समुद्राकाठच्या कोरड्या हवेतले झाड आहे. कोल्हापूरच्या पावसाळ्यात उघड्यावर ठेवले तर मुळे कुजतात. मातीत निम्मी वाळू मिसळावी आणि जून लागताच कुंडी पागोळीपासून दूर, पण उजेडात सरकवावी.

प्रश्न : आमच्याकडे ओव्हन नाही. तव्यावर जमेल का?
– एक वाचक, कागल

उत्तर : जमेल. बिडाचा जाड तवा किंवा पसरट कढई घ्यावी, फोडी २ सेंटिमीटरच्या कराव्यात आणि वर सांगितल्याप्रमाणे सोड्याच्या पाण्यात पाच-सहा मिनिटेच उकडाव्यात. तवा चांगला तापल्यावर तेल घालून फोडी एका थरात मांडाव्यात, झाकण ठेवू नये आणि मध्यम आचेवर एकेक बाजू पाच मिनिटे धरू द्यावी. सतत उलथणे फिरवण्याची सवय येथे आवरावी लागते.

प्रश्न : तांबड्या-पांढऱ्या रश्श्याच्या जेवणात हे तोंडी लावणे शोभेल का? आणि नवरात्रात उपवासाला चालेल का?
– एक वाचक, कसबा बावडा, कोल्हापूर

उत्तर : रस्सा, सुके मटण आणि भाकरी ताटात असताना आणखी एक तिखट पदार्थ नको असतो. तेथे ओवा किंवा शेपू घातलेले, फक्त मिठाचे बटाटे वाढावेत; पांढऱ्या रश्श्याशी त्यांचे विशेष जमते, कारण त्याच्या खोबऱ्याच्या सौम्य चवीला कुरकुरीतपणाची जोड मिळते. रस्सा त्यांवर ओतू नये, वाटीतच राहू द्यावा. पंगत मोठी असेल तर बटाटे झाकणाच्या डब्यात भरून ठेवू नयेत, कारण आत कोंडलेल्या वाफेने दहा मिनिटांत पापुद्रा मऊ पडतो. उघड्या परातीत ठेवून आयत्या वेळी पाच मिनिटे ओटीजीत फिरवून आणावेत.

उपवासाला लसूण आणि ओवा वगळून साजूक तूप, जिरे, शेंदेलोण आणि ठेचलेली हिरवी मिरची वापरावी. सोडाही वगळायचा असेल तर नुसत्या मिठाच्या पाण्यात दोन मिनिटे जास्त उकडावे. पापुद्रा थोडा पातळ येईल एवढेच. कोथिंबीर काही घरांत उपवासाला चालते, काही घरांत चालत नाही, तेव्हा ते आपल्या घरच्या रीतीप्रमाणे ठरवावे.