लाटा चमकल्या की येणारे प्रश्न

दक्षिण गोव्यात कुठे लाटा निळ्या चमकल्या, की आठवडाभरात माझ्याकडे तेच ते प्रश्न येतात. समुद्रातल्या प्लवकांच्या, म्हणजे पाण्यात तरंगणाऱ्या बारीक जीवांच्या, अभ्यासात माझी उमर गेली, म्हणून उत्तरं देणं मला भाग आहे. या वेळी सगळी एकत्र देतो.

बेताळभाटीला रात्री लाट फुटली की निळा उजेड पडतो. शेजारी म्हणतात, समुद्रात फॉस्फरस वाढलाय. खरं का? (मडगाव)

नाही. फॉस्फरस जळून हा उजेड पडत नाही, तो जिवंत जीवांचा असतो. आपल्या किनाऱ्यावर बहुतेक वेळा नॉक्टिल्युका नावाचा एकपेशीय जीव सापडतो. एकपेशीय असला तरी नुसत्या डोळ्यांना दिसतो. एकदा भाचीला मी असं पाणी काचेच्या बशीत ओतून दाखवलं. भिजवलेल्या साबुदाण्याचा चुरा तरंगावा तसे पारदर्शक ठिपके होते आणि भिंगाखाली प्रत्येकाला एक बारीक दोरा दिसत होता. दिवा मालवून बशीला टिचकी मारली, तशी निळी ठिणगी उठली आणि विझली. पेशीला धक्का बसला की आतल्या सूक्ष्म कणांत आम्लता वाढते. मग ल्युसिफेरिन नावाचं द्रव्य ल्युसिफेरेज या विकराच्या (एन्झाइमच्या) मदतीने ऑक्सिजनशी संयोग पावतं आणि उजेड पडतो. सगळा खेळ सेकंदाच्या दहाव्या हिश्शाएवढा. म्हणून लाट फुटते तिथेच चमक दिसते, मागचं शांत पाणी काळंच राहतं.

नक्की कुठल्या तारखेला दिसेल? (फोंडा)

तारीख कुणीच सांगू शकत नाही. अमावास्येच्या आसपास, दिव्यांपासून लांब, दिसली तर दिसेल.

एकजण 'चमकता समुद्र हमखास' म्हणून होडीची सहल विकतोय, आगाऊ पैसे मागतो. जावं का? (म्हापसा)

वर लिहिलं ते पुन्हा वाचा. ज्याची तारीख सांगता येत नाही त्याची हमी देणारा माणूस तुम्हाला फसवतोय. जाहिरातीतले फोटो कॅमेऱ्याचं शटर कित्येक सेकंद उघडं ठेवून काढलेले असतात. त्यात दिसतो तेवढा उजेड डोळ्यांना दिसत नाही. रात्री होडीत बसण्याआधी बंदर कप्तान खात्याचा परवाना आणि अंगात घालायची जीवरक्षक जाकिटं दाखवायला सांगा. नाही दाखवली, तर घरी परता.

अशा पाण्यात पोहायला हरकत आहे का? (पणजी)

रात्री पाण्यात उतरू नका. आधीच उतरला असाल आणि अंगावर पुरळ उठलं असेल, तर डॉक्टरांना दाखवा.

लाटा चमकल्या त्याच्या दुसऱ्या सकाळी आम्ही खुबे आणि तिसऱ्या गोळा केल्या. सासूबाई म्हणतात, सोलं घालून उकळलं की काही होत नाही. (काणकोण)

ताई, हे पत्र वाचून मला धडकी भरली. सासूबाईंचा मान ठेवून सांगतो, ही समजूत जीवघेणी आहे.

नॉक्टिल्युका स्वतः शिंपल्यांत भिनणारं भयंकर विष तयार करत नाही, हे खरं. त्याच्या पेशीत अमोनिया साठतो. तो दाट झाला की मासळी त्या पाण्यापासून दूर जाते, आणि तो मेला की कुजताना पाण्यातला ऑक्सिजन संपतो. पण चमकणारे जीव अनेक आहेत. त्यांतले काही सॅक्सिटॉक्सिन नावाचं विष बनवतात, आणि तेही निळेच चमकतात. उजेड बघून कुठला जीव आहे हे मलाही सांगता येत नाही. त्यासाठी सूक्ष्मदर्शक लागतो. खुबे, तिसऱ्या, शिणाणे हे शिंपल्यांतले जीव पाणी गाळूनच पोट भरतात, त्यामुळे पाण्यातलं विष त्यांच्या अंगात साठत जातं. शिंपला मात्र टवटवीत दिसतो, वास चांगला येतो, चवही नेहमीचीच लागते. आणि हे विष उकळून जात नाही. सोलांनी नाही, लसणीने नाही, व्हिनेगरनेही नाही.

1997 च्या सप्टेंबरात केरळमध्ये विळिंजमला शिणाणे खाऊन सात माणसं गेली आणि पाचशेच्या वर इस्पितळात दाखल झाली. तिथेही शिणाणे शिजवूनच खातात.

तुम्ही गोळा केलेलं टाकून द्या. खाल्लं असेल आणि ओठ, जीभ किंवा बोटांना मुंग्या येत असतील, तर काढा करत बसू नका. 108 ला फोन करा, बांबोळीला गोमेकॉत (गोवा वैद्यकीय महाविद्यालयाच्या इस्पितळात) जा आणि काय खाल्लं ते डॉक्टरांना पहिल्याच वाक्यात सांगा. या विषाला उतारा नाही. श्वासाचे स्नायू थकले तर यंत्राने श्वास देऊन माणूस वाचवता येतो, पण त्यासाठी तो वेळेत पोचायला हवा. पुन्हा कधी गोळा करावं, हे मच्छीमारी खात्याला विचारल्याशिवाय ठरवू नका.

माझे वडील तारवटी होते. ते सांगायचे, अरबी समुद्रात एकदा रात्रभर सगळं पाणी दुधासारखं उजळलं होतं, लाट नसतानाही. (वास्को)

वडील खरं सांगत होते. तो प्रकार वेगळा, बहुधा जिवाणूंचा. जिवाणू ठिणगी टाकत नाहीत, सलग उजळत राहतात. 1995 च्या जानेवारीत सोमालियाजवळ एका ब्रिटिश व्यापारी जहाजाने असाच समुद्र नोंदवला. दहा वर्षांनी शास्त्रज्ञांनी त्या रात्रींची जुनी उपग्रहचित्रं काढून पाहिली, तेव्हा त्यांत 15,000 चौरस किलोमीटरहून मोठा पट्टा उजळलेला सापडला. वडिलांनी जहाजाचं नाव, तारीख, जागा कुठे लिहून ठेवली असेल, तर तो कागद जपा आणि दोनापावलाच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत दाखवा.

परग्रहावरचे समुद्रही असे चमकत असतील का? (सांगे, इयत्ता नववी)

पृथ्वीबाहेर जीव अजून सापडलेला नाही. पण गुरूच्या युरोपा या चंद्रावर बर्फाखाली समुद्र असल्याचे भक्कम पुरावे आहेत. 2024 साली निघालेलं युरोपा क्लिपर यान 2030 मध्ये गुरूपाशी पोचेल. तोवर गणित आणि जीवशास्त्र, दोन्ही नीट कर.

दिवसा पाणी तांबूस किंवा हिरवट दिसतं आणि घाण वास येतो. कुणाला कळवायचं? (बाणावली)

हा प्रश्न विचारल्याबद्दल भाऊ, आभार. रात्रीच्या उजेडाचे फोटो शंभरजण पाठवतात, दिवसाच्या पाण्याबद्दल क्वचित कुणी बोलतो. गेल्या खेपेला एकाने चौथ्या दिवशी पाण्याच्या रिकाम्या बाटलीत नमुना आणला, तोही गाडीच्या डिकीत तापलेला. पेशी फुटून गेल्या होत्या, तळाशी नुसता गाळ. काय होतं ते मला आजही सांगता येत नाही. तेव्हा वाट बघू नका. त्याच सकाळी समुद्रविज्ञान संस्थेला किंवा मच्छीमारी खात्याला फोन करा. जागा, वेळ, भरती की ओहोटी, मेलेली मासळी दिसते का, हे सांगा. नमुना कसा घ्यायचा ते त्यांनाच विचारा, आणि रापणकारांनाही (किनाऱ्यावरून मोठं जाळं ओढणाऱ्या मच्छीमारांना) सांगून ठेवा, कारण पहाटे पाण्यावर तेच आधी असतात.