लिओन बेली: एका मोसमात १० गोल, पुढच्यात एकच. असं का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: "जमैकाचा विंगर (मैदानाच्या कडेने हल्ला करणारा खेळाडू) लिओन बेली २०२३-२४ मध्ये अ‍ॅस्टन व्हिला या इंग्लिश क्लबसाठी तुफान खेळला आणि पुढच्याच वर्षी गायब झाला. तो मेहनत घेत नाही की नशीब आडवं येतं? आणि जमैकासारख्या छोट्या बेटावरचा मुलगा युरोपात पोचतो तरी कसा?"

आधी आकडे बघू. बेलीचे फक्त लीगमधले गोल, मोसमाप्रमाणे: जर्मनीच्या बायर लेव्हरकुसेनकडून २०१७-१८ मध्ये ९, मग ५, पुन्हा ५, २०२०-२१ मध्ये ९. त्यानंतर अ‍ॅस्टन व्हिलाकडून १, ४, १० आणि २०२४-२५ मध्ये १. आठ मोसमांची ही रांग नीट पाहिली की "एक वर्ष चालला, मग झोपला" हे पटत नाही. चांगलं वर्ष आलं की त्याच्या मागे दोन गोष्टी हमखास सापडतात: समोर पळायला मोकळी जागा आणि मांडीचे स्नायू सलग काही महिने धड. यातली एक जरी निसटली तरी गोल आटतात. मेहनतीचा मुद्दा त्यानंतरचा.

जागेचं आधी सांगतो. बेली डावखुरा आहे, म्हणजे पायाने, आणि व्हिलाने त्याला बहुतेक वेळा उजव्या कडेला खेळवलं. अशा विंगरचं काम ठरलेलं असतं. टचलाइनला, म्हणजे मैदानाच्या कडेच्या रेषेला, जवळजवळ चिकटून उभं राहायचं, म्हणजे समोरच्या फुलबॅकला (कडेच्या बचावपटूला) बाहेर यावंच लागतं. चेंडू येतो तेव्हा शरीर अर्धं मैदानाकडे वळलेलं हवं. पहिला स्पर्श आत, डाव्या पायाच्या बाहेरच्या बाजूने. त्याच क्षणी मागून आपला फुलबॅक (व्हिलात हे काम मॅटी कॅश करायचा) बाहेरून पुढे धावतो. आता समोरच्या बचावपटूने कुणाला धरायचं? तो कॅशकडे अर्धं पाऊल सरकला की बेली आत शिरून डाव्या पायाने दूरच्या कोपऱ्यात मारतो. तो जागेवरच थांबला तर चेंडू कॅशकडे जातो आणि क्रॉस, म्हणजे कडेवरून गोलसमोर मारलेला चेंडू, येतो.

हे बिघडतं ते असं. प्रतिस्पर्धी संघ आपल्या पेनल्टी बॉक्सजवळ दहा जण घेऊन बसला की फुलबॅकच्या मदतीला मधल्या फळीतला एक जण येतो. आतली वाट बंद. मग विंगरने बाहेरून जाऊन उजव्या पायाने क्रॉस द्यायचा, पण बेलीचा उजवा पाय डाव्याच्या जवळपासही नाही. तो थांबतो, मागे पास देतो, आणि टीव्हीवर बघणाऱ्याला वाटतं की आज हा खेळतच नाहीये. खरं तर त्याला जे येतं ते करायला दहा मीटरसुद्धा मिळालेले नसतात.

६ डिसेंबर २०२३ चा मँचेस्टर सिटीविरुद्धचा सामना आठवा. व्हिला १-० ने जिंकली, गोल बेलीचा, ७४ व्या मिनिटाला. तो गोल पुन्हा बघाल तर नजर त्याच्या फटक्यावर ठेवू नका, त्याआधीच्या चार सेकंदांवर ठेवा. मैदानाच्या मधल्या भागात चेंडू मिळतो तेव्हा सिटीचा बचाव पुढे आलेला आहे आणि आता मागे धावतोय. बेली चेंडू घेऊन सरळ त्यांच्या अंगावर जातो. मागे हटणारा बचावपटू पाय घालायला घाबरतो, कारण चुकला तर मागे फक्त गोलरक्षक. डाव्या पायाचा फटका सिटीच्या रुबेन डियासला लागून दिशा बदलतो आणि गोलरक्षक एडरसन हुकतो. दिशा बदलणं हा नशिबाचा भाग, कबूल. पण ३० मीटर कुणी न अडवता पळू देणं हा सिटीच्या मांडणीचा भाग होता, आणि प्रशिक्षक उनाई एमेरीचा व्हिला संघ त्या मोसमात नेमका अशाच जागांवर जगत होता. लेव्हरकुसेनच्या काळातही तेच. ३० नोव्हेंबर २०१९ ला म्युनिकमध्ये बायर्नविरुद्ध त्याने दोन गोल केले आणि लेव्हरकुसेन २-१ ने जिंकलं. बायर्न घरच्या मैदानावर पुढे चढून खेळतं, त्यामुळे प्रतिहल्ल्याला रान मोकळं. लहान संघांविरुद्ध याच बेलीला आठवडेच्या आठवडे गोल सापडत नसे.

आता २०२४-२५. व्हिला युरोपातल्या अव्वल क्लबांच्या चॅम्पियन्स लीगमध्ये गेली होती, म्हणजे बऱ्याच आठवड्यांत दोन-दोन सामने. आदल्या वर्षी चौथ्या क्रमांकावर आलेल्या संघासमोर बरेच प्रतिस्पर्धी मागे बसून खेळू लागले. मुसा दियाबी, जो लेव्हरकुसेनपासून बेलीचा साथीदार आणि स्वतः वेगाने बचाव ताणून धरणारा, तो उन्हाळ्यातच सौदीला गेला होता. त्यात दुखापती. जानेवारी-फेब्रुवारीत क्लबने डोनिएल मालेनला विकत घेतलं, मार्कस रॅशफर्ड आणि मार्को असेन्सिओ यांना उसने आणलं. आघाडीच्या तीन-चार जागांसाठी एवढी गर्दी झाल्यावर ज्याची लय तुटली आहे तो बाकावर जातो. लीगमधला एकुलता एक गोल जानेवारी २०२५ मध्ये लेस्टरविरुद्ध, २-१ च्या विजयातला. ऑगस्ट २०२५ मध्ये तो उसना म्हणून इटलीच्या रोमा क्लबला गेला आणि तिथल्या पहिल्याच सरावात स्नायू दुखावला.

इथे स्नायूंकडे वळतो, कारण माझ्या मते बेलीच्या कारकिर्दीत हेच सगळ्यात महाग पडलं आहे.

फुटबॉलमध्ये धावण्याचा वेग मोजताना साधारण १९.८ किमी प्रतितास याच्या वर "वेगवान धाव" आणि २५.२ च्या वर "स्प्रिंट" धरतात. विंगरच्या बऱ्याच महत्त्वाच्या धावा या दुसऱ्या रेषेपलीकडे जातात. पूर्ण वेगात पाय पुढे फेकला जातो आणि जमिनीला टेकण्याच्या अगदी आधी मांडीच्या मागचा स्नायू, हॅमस्ट्रिंग, ताणलेल्या अवस्थेतच ब्रेक लावत असतो. फाटतो तो बहुतेकदा तेव्हाच. मांडीच्या पुढचा स्नायू जातो तो जोरदार फटका मारताना किंवा एकदम थांबताना. पहिल्या दर्जाची दुखापत एक ते तीन आठवडे घेते, दुसऱ्या दर्जाची चार ते आठ. पण खेळाडूचं खरं नुकसान त्यानंतर होतं. महिनाभर पूर्ण वेगात न पळालेल्या पायाला पहिल्याच सामन्यात दहा-बारा स्प्रिंट लागले की तोच स्नायू पुन्हा जातो. म्हणून परतताना स्प्रिंटचं अंतर दर आठवड्याला थोडं थोडं वाढवतात आणि सामना खेळण्याआधी सरावात कमाल वेगाच्या ९० टक्क्यांवर जाऊन बघतात. नॉर्डिक नावाचा व्यायाम आहे: गुडघ्यावर बसायचं, घोटे कुणीतरी घट्ट धरायचे, आणि धड सरळ ठेवून हळूहळू पुढे झुकत जायचं. तो नियमित केला तर हॅमस्ट्रिंगच्या दुखापती जवळपास निम्म्याने कमी होतात. तरी क्लबांच्या गच्च वेळापत्रकात तो मागे पडतो, कारण केल्यावर दोन दिवस मांड्या भरून येतात आणि तिसऱ्या दिवशी सामना असतो.

व्हिलात त्याचा पहिला गोल याच कहाणीचा नमुना आहे. १८ सप्टेंबर २०२१, एव्हर्टनविरुद्ध. ६१ व्या मिनिटाला तो बदली म्हणून आला. त्याच्या कॉर्नरवर लुका दिन्येकडून स्वयंगोल झाला, थोड्याच वेळात त्याने स्वतः डाव्या पायाने जाळ्याच्या छताला लागेल असा गोल केला, आणि मांडीचा स्नायू धरून बाहेरही गेला. मैदानावर जेमतेम वीस मिनिटं. त्या मोसमात पुढे लीगमध्ये एकही गोल नाही.

यात राष्ट्रीय संघाचा प्रवास धरा. किंग्स्टन ते इंग्लंड साधारण ७,५०० किमी, घड्याळात पाच-सहा तासांचा फरक. गुरुवारी किंग्स्टनमध्ये, सोमवारी मेक्सिको किंवा मध्य अमेरिकेत, आणि शनिवारी पुन्हा बर्मिंगहॅम. फ्रान्स किंवा जर्मनीच्या विंगरला हा भार नसतो. बेलीचं जमैकाच्या फुटबॉल संघटनेशी नातं तसंही सरळ राहिलेलं नाही. तो पहिल्यांदा देशासाठी खेळला जून २०१९ मध्ये, तेव्हा लेव्हरकुसेनमध्ये त्याला दोन वर्षांहून जास्त झाली होती. रात्रीची वेळमर्यादा मोडल्याबद्दल झालेल्या निलंबनानंतर मार्च २०२४ मध्ये त्याने राष्ट्रीय संघापासून थोडं दूर राहायचं ठरवलं, आणि त्या उन्हाळ्याच्या कोपा अमेरिका या देशांच्या स्पर्धेत जमैका त्याच्याविना खेळून तिन्ही सामने हरली. स्टीव्ह मॅक्लारेन प्रशिक्षक झाल्यावर तो परतला. या वादात कोण बरोबर हे बाहेरून ठरवणं अन्यायाचं होईल, पण ऐन भरात असलेला विंगर कोपाला नसणं हे दोघांचंही नुकसान होतं.

आता तुमचा दुसरा प्रश्न. आपल्याकडे जमैका म्हटलं की बोल्ट आणि गेल आठवतात. फुटबॉलमधला जमैकन आपल्या मैदानांवर दिसला तो बहुधा डेशॉर्न ब्राउन, ज्याने डिसेंबर २०२१ मध्ये गोव्यात फातोर्ड्याला इंडियन सुपर लीगमध्ये नॉर्थईस्टकडून मुंबई सिटीविरुद्ध हॅटट्रिक केली होती. तो विंगर नव्हे, स्ट्रायकर.

जमैकात बहुतेक मुलं शालेय स्पर्धांतून वर येतात: किंग्स्टन आणि आसपासच्या शाळांसाठी मॅनिंग कप, ग्रामीण भागासाठी डाकोस्टा कप. सप्टेंबर ते डिसेंबर असा छोटा, पण प्रचंड गर्दीचा मोसम. बेलीचा रस्ता वेगळा. जन्म ९ ऑगस्ट १९९७, किंग्स्टन. क्रेग बटलर यांच्या फीनिक्स ऑल स्टार्स अकादमीत तो वाढला. बटलर हेच त्याचे दत्तक वडील. त्यांनी त्याला किशोरवयातच युरोपात नेलं, आणि तिथे फिफाचा नियम क्रमांक १९ आडवा आला. १८ वर्षांखालच्या खेळाडूची दुसऱ्या देशात नोंदणी होत नाही. अपवाद मोजके. पालक फुटबॉलशी संबंध नसलेल्या कारणाने तिथे राहायला गेले असतील तर. युरोपीय संघातल्या एका देशातून दुसऱ्या देशात जाताना, १६ ते १८ वयात. किंवा घर आणि क्लब दोन्ही सीमेपासून ५० किमीच्या आत असतील तर. जमैका बेट आहे, त्यामुळे शेवटचा अपवाद तर कागदावरच. म्हणून त्याची सुरुवातीची वर्षं ऑस्ट्रिया, स्लोव्हाकिया, बेल्जियम अशी गेली. बेल्जियमच्या गेंक क्लबात तो आला ऑगस्ट २०१५ मध्ये, म्हणजे नेमका १८ पूर्ण होताना. पहिल्याच मोसमात बेल्जियमचा सर्वोत्तम तरुण खेळाडू ठरला आणि जानेवारी २०१७ मध्ये लेव्हरकुसेनला गेला.

गेंकच का, थेट इंग्लंड का नाही? तेव्हा इंग्लंडचा वर्क परमिट राष्ट्रीय संघाच्या सामन्यांवर आणि देशाच्या फिफा क्रमवारीवर अडकलेला होता, आणि बेलीने देशासाठी एकही सामना खेळलेला नव्हता. बेल्जियममध्ये बिगर-युरोपीय खेळाडूला ठरावीक किमान पगार द्यावा लागतो, एवढी मुख्य अट. जर्मनीत परदेशी खेळाडूंच्या संख्येवर मर्यादा नाही. ब्रेक्झिटनंतर इंग्लंडमध्ये गुणपद्धत आली: १५ गुण लागतात, आणि ज्या लीगमध्ये खेळलात तिचा दर्जा त्यात मोठा. जर्मनीची बुंडेसलिगा पहिल्या गटात, बेल्जियम दुसऱ्या, जमैकाची लीग सगळ्यात खालच्या, सहाव्या गटात. किंग्स्टनमधला १८ वर्षांचा मुलगा हे १५ गुण जवळपास कधीच भरत नाही. २०२३ पासून इंग्लिश क्लबांना अशा काही जणांसाठी सवलतीच्या जागा मिळाल्या आहेत, पण प्रत्येक क्लबला जास्तीत जास्त चार, आणि त्यासाठी सगळं जग रांगेत असतं. बेल्जियमची शिडी म्हणूनच अजूनही शहाणपणाची.

शेवटी पैशाचं, कारण यात छोटे क्लब हमखास फसतात. खेळाडू करार संपायच्या आत एका देशातून दुसऱ्या देशात विकला गेला की रकमेच्या ५ टक्के रक्कम त्याला १२ ते २३ वयात घडवणाऱ्या क्लबांत वाटतात: १२ ते १५ वयाच्या प्रत्येक मोसमाला ०.२५ टक्के, १६ ते २३ च्या प्रत्येकाला ०.५. सौदा एक कोटी युरोचा असेल आणि मुलगा १२ ते १५ चारही वर्षं तुमच्याकडे असेल, तर तुमचे एक लाख युरो. नोव्हेंबर २०२२ पासून हे पैसे फिफाच्या क्लिअरिंग हाउसमार्फत जातात आणि खेळाडूच्या इलेक्ट्रॉनिक पासपोर्टवरून, म्हणजे तो कधी कुठल्या क्लबात नोंदलेला होता त्या नोंदीवरून, हिशोब होतो. तिथे नोंद नसलेल्या वर्षाचा पैसा क्लबला मिळत नाही. अकादमी देशाच्या फुटबॉल संघटनेशी संलग्न नसेल, किंवा मुलाची नोंदणी तारखेसह वेळेवर केली नसेल, तर त्याला दहा वर्षं पोसलं हे कितीही खरं असलं तरी उपयोग शून्य. किंग्स्टनच्या अकादमीला हा नियम जसा लागू, तसाच कोल्हापूरच्या आणि मडगावच्या क्लबलाही लागू आहे.