भिंत कुठून गेली, ते आधी वाचा

पत्र: ताई, आमच्या गावच्या सार्वजनिक वाचनालयात आम्हा नऊ बायकांचा वाचनकट्टा आहे. महिन्यातून एका शनिवारी दीड तास बसतो. यंदा 'फाळणी आणि ताटातूट' या विषयावर सहा महिने वाचायचं ठरलं. पहिल्याच बैठकीला मी 'वाडा चिरेबंदी' घेतलं आणि भूमिका वाटून दिल्या. माझ्या मोठ्या जाऊबाईही कट्ट्यात आहेत. गेल्या वर्षी आमच्या घराची वाटणी झाली, चौकात भिंत उभी राहिली, तेव्हापासून आमचं बोलणं जेवढ्यास तेवढं. वाचनात वहिनीची भूमिका नेमकी त्यांच्याकडे गेली. दागिन्यांचा प्रसंग आला तशी कुणीतरी फिस्सकन हसलं. जाऊबाई पुस्तक मिटून उठल्या त्या परत आल्या नाहीत. मी मुद्दाम केलं असं त्या सांगत फिरतात. आणखी एक मैत्रीण, जिची लेक नुकतीच कॅनडाला गेली, तीही म्हणते विषय बदला. काय करू? जाऊबाईंना फोन करू का?
– धाकटी जाऊ, सातारा जिल्हा

धाकट्या जाऊबाई,

आधी फोनचं. करा, आणि आजच करा. पण त्यात नाटकाचं, कट्ट्याचं नाव काढू नका. 'माझ्या मनात तसं काही नव्हतं' या वाक्याने तर सुरुवात मुळीच नको, कारण पुढचं वाक्य 'मग तीच भूमिका मला का?' हेच येणार आणि त्याला तुमच्याकडे उत्तर नाही. वाटणीनंतरही दोन्ही घरांत काहीतरी सामाईक उरलेलं असतंच. आडावरच्या पंपाचं बिल असेल, घरपट्टी असेल, कुळधर्माची तारीख असेल. त्यातलं जे खरंच अडलंय त्यावर बोला आणि ठेवून द्या. कट्ट्याचं आमंत्रण त्यांना तुमच्याकडून न जाता बाकीच्या सातजणींपैकी कुणाकडून तरी जाऊ दे.

विषय बदलायची गरज नाही. चुकला तो क्रम, आणि वाचायची पद्धत.

'वाडा चिरेबंदी' मोठं नाटक आहे, पण तुमच्या कट्ट्यासाठी ते पहिलं पुस्तक नव्हतं. महेश एलकुंचवारांचं हे नाटक १९८५ साली रंगभूमीवर आलं. विदर्भातलं देशपांड्यांचं घर, तात्याजी वारलेले, तेराव्याच्या खर्चावरून भावाभावांत सुरू झालेला हिशेब, दारात उभा असलेला निकामी ट्रॅक्टर. ज्या घरात वर्षापूर्वी हेच घडलं त्या घरातल्या दोन सुनांना हे वाचताना अंतरच मिळत नाही. त्यात तुम्ही भूमिका वाटल्या. प्रेक्षागृहात बसून नाटक पाहणारीला अंधाराचा आडोसा असतो. मोठ्याने वाचणारीच्या तोंडी मात्र 'मी' येतो. रात्री नवऱ्याच्या, भास्करच्या सांगण्यावरून घराण्याचं सोनं अंगावर घालणारी वहिनी, आणि ती वाचतेय खऱ्या घरातली मोठी सून! हसणारीचं चुकलंच, पण तिच्या हसण्याआधीच बैठक हातची गेली होती.

म्हणून माझा साधा नियम असा: जखम जितकी जवळची, तितका वाङ्मयप्रकार लांबचा घ्या. घरच्या वाटणीवर बोलायचं असेल तर सुरुवात वेड्यांच्या इस्पितळापासून करा, अर्ध्या माणसापासून करा, पोलीस तपासापासून करा. आणि प्रत्येक पुस्तकाला पहिला प्रश्न एकच विचारा: यातली भिंत, रेघ, कुंपण नेमकं कुठून गेलंय? चूक कुणाची हा प्रश्न पुढे आपोआप येतो. तो आधी आला की चर्चेचं भांडण होतं.

पुढच्या बैठकीला सआदत हसन मंटोंची 'टोबा टेक सिंग' घ्या. देवनागरीत सहज मिळते, घरून वाचून यायची गरज नाही. तिथेच एकीने मोठ्याने वाचली तर साधारण वीस-पंचवीस मिनिटांत होते. मंटो मुंबईत कित्येक वर्षं सिनेमासाठी लिहीत होते. ते १९४८च्या जानेवारीत लाहोरला गेले आणि १९५५च्या जानेवारीत तिथेच वारले. गोष्ट अशी: फाळणीनंतर दोन-तीन वर्षांनी दोन्ही सरकारांना सुचतं की कैद्यांसारखी वेड्यांचीही अदलाबदल करावी. लाहोरच्या इस्पितळातला बिशनसिंग एकच विचारत राहतो, माझं गाव टोबा टेक सिंग कुठे आहे? हिंदुस्थानात की पाकिस्तानात? त्याला कुणी धड सांगत नाही. दुसरा एक वेडा झाडावर चढून बसतो आणि म्हणतो, मला दोन्हीकडे राहायचं नाही, मी या झाडावरच राहणार.

इथे दोन गोष्टी बिघडतात. बिशनसिंग मधूनमधून निरर्थक शब्दांची एक लांबलचक माळ बरळतो. वाचणारी ती नकलेसारखी म्हणते, सगळ्या हसतात आणि गोष्ट विनोदी होऊन बसते. ती माळ बाजारहाटाची यादी वाचावी तशी सपाट वाचायची, दर वेळी त्याच वेगाने. दुसरं, शेवटचा परिच्छेद संपल्या संपल्या कुणीतरी 'किती छान' म्हणतं. त्याऐवजी चहा येऊ दे. दहा मिनिटं गेली की विचारा, बिशनसिंग शेवटी नेमका कुठे पडलाय? उत्तर गोष्टीतच आहे: दोन्ही बाजूंच्या काटेरी तारांच्या मध्ये, ज्या तुकड्याला नाव नाही तिथे. कुणाच्याही वाट्याला न आलेली जागा. वाटणी झालेल्या प्रत्येक घरात अशी एक जागा असते. तुम्ही ती बोलून दाखवू नका. जिला आठवायची तिला आठवेल.

दुसऱ्या महिन्यात इटालो काल्व्हिनोची १९५२ सालची कादंबरी, इंग्रजीत 'द क्लोव्हन व्हायकाउंट', तोफेच्या गोळ्याने उभा दुभंगलेल्या सरदाराची. ही, आणि लगेच पुढची जी सांगणार आहे ती, मराठीत मिळेल असं धरून चालू नका. इंग्रजी वाचणारी एखादी असेलच, तिने पंधरा-वीस मिनिटांत गोष्ट सांगावी. पुस्तक सांगणं हाही वाचनाचाच प्रकार आहे आणि कीर्तनं ऐकून वाढलेल्यांना त्याचं काही नवल नाही. सरदाराचा एक अर्धा गावी परततो तो दुष्ट, दिसेल ते अर्धं कापत सुटतो. मग दुसरा अर्धाही येतो, तो सद्गुणी. आणि थोड्याच दिवसांत गाव त्यालाही विटतं, कारण त्याच्या उपदेशाने कुणाला धड जगता येईना. वाटणीत प्रत्येक बाजू स्वतःला चांगला अर्धा समजते, म्हणून ही गंमत आधी परक्याच्या अंगावर पाहिलेली बरी.

त्याच बैठकीत वेळ उरला तर चायना मिएव्हिल या लेखकाच्या २००९च्या 'द सिटी अँड द सिटी' या रहस्यकथेची कल्पना सांगून टाका: दोन शहरं एकाच जागेवर वसलेली, काही रस्ते तर सामाईक, पण एका शहराच्या रहिवाशांनी दुसऱ्या शहरातली माणसं दिसली तरी 'न दिसल्यासारखं' करायचं. लहानपणापासून तसं शिकवलेलं असतं. चुकून पाहिलं तरी तो गुन्हा. एका बाईचा खून होतो आणि तपास करणाऱ्या इन्स्पेक्टरला दोन्ही शहरांत फिरावं लागतं. एवढं सांगितलं की पुरे. चौकात समोरासमोर येऊन नजर चुकवणाऱ्यांना अर्थ सांगत बसू नये.

तिसरा महिना तुमच्या विषयाचा गाभा. अमिताव घोष यांची 'द शॅडो लाइन्स', १९८८. आख्खी कादंबरी नको. आजीच्या ढाक्यातल्या माहेरघराचा भाग तेवढा एकीने आधी वाचून, मराठीत उतरवून आणावा. तीन-चार हाती पानं होतील. मोठे वारल्यावर दोन भावांचं बिनसतं, घराची वाटणी होते आणि मधली भिंत इतकी काटेकोर घालतात की ती दारांच्या मधून जाते, दारं निकामी होतात. संडासातून जाते, तिथलं जुनं कमोड दुभंगतं. बापाच्या नावाची पाटीसुद्धा मधोमध रेघ ओढून वाटून घेतात, आणि दोघांची नावं बसवायला अक्षरं एवढी बारीक करावी लागतात की कुणाला वाचता येऊ नयेत.

ही पानं दोनदा वाचा. पहिल्यांदा सलग. दुसऱ्यांदा प्रत्येकीने कागदावर त्या घराचा नकाशा काढायचा, भिंतीसकट. नकाशा काढताना कुणालाही भांडता येत नाही, आणि लेखकाने काय केलंय ते हाताला कळतं. भावांनी एकमेकांना काय काय म्हटलं यात तो रेंगाळत नाही, तो भिंत कुठून गेली ते दाखवतो. पुढचा भाग मला त्याहून आवडतो. भांडणं चालू असताना घरातल्यांना कधी एकदा वाटणी होतेय असं झालेलं असतं. झाल्यावर जी शांतता येते ती सोसवत नाही. मग आजी, तेव्हा लहान मुलगी, धाकट्या बहिणीला गोष्टी रचून सांगते की काकांच्या बाजूला सगळं उलटं असतं, जेवण गोडाने सुरू होतं, माणसं पलंगाखाली झोपतात. बहीण ते खरं मानते. पलीकडच्यांबद्दलच्या कहाण्या अशाच तयार होतात, दोन्ही बाजूंनी. हीच आजी म्हातारपणी विचारते, विमानातून सरहद्द दिसेल ना? एका घराची भिंत आणि एका देशाची रेघ इतकी सरळ जोडलेली दुसरी कादंबरी मला ठाऊक नाही.

चौथ्या महिन्यात भीष्म साहनींचं 'तमस'. हिंदीत आहे, तीनशेच्या आसपास पानं आहेत, म्हणून प्रती आत्ताच जमवा. वाचनालयाच्या एका प्रतीवर नऊजणी म्हणजे प्रत्येकीला जेमतेम तीन दिवस, आणि कुणाचंच पुस्तक पुरं होत नाही. निदान चार प्रती हव्यात. साहनी १९७०च्या दंगलीनंतर भाऊ बलराज यांच्याबरोबर भिवंडीला गेले होते. जळलेली वस्ती पाहून त्यांना १९४७चं रावळपिंडी आठवलं आणि या कादंबरीला सुरुवात झाली. १९७५चा साहित्य अकादमी पुरस्कार तिला मिळाला. पहिल्याच प्रकरणात नथू डुक्कर मारतो ते अंगावर येतं. आधी सांगून ठेवा, ते प्रकरण कुणी ओलांडून गेलं तरी चालेल. ज्या डुकरावरून दंगल पेटते त्याची सुपारी देणारा मुराद अली शेवटी शांततेच्या घोषणा देणाऱ्या बसमध्ये बसलेला असतो. घोळ होईल तो इथे. प्रत्येक जण आपल्या भाऊबंदकीतला मुराद अली शोधायला लागेल. म्हणून या बैठकीपुरता कडक नियम: पहिली पाऊण तास 'आमच्याकडे' हा शब्द बंद. प्रत्येकीने एक वाक्य निवडायचं, पान क्रमांक सांगायचा, वाचायचं, मग मत. एकीला तीन मिनिटं, घड्याळ समोर ठेवून. नंतरच्या अर्ध्या तासात 'आमच्याकडे' खुशाल येऊ दे.

पाचवा महिना ताटातुटीचा, तुमच्या त्या मैत्रिणीसाठी. अमृता प्रीतम यांची 'पिंजर' १९५०ची, छोटेखानी, मूळ पंजाबी, हिंदीत मिळते. तिच्यामागचा इतिहास दोन मिनिटांत सांगा: पळवलेल्या बायका परत आणण्याचा करार दोन्ही सरकारांनी १९४७च्या डिसेंबरमध्ये केला आणि १९४९मध्ये इथे कायदाही झाला. त्या बाईला परत जायचंय का, हे विचारणं त्या व्यवस्थेत दुय्यम होतं. कादंबरीतली पुरो शेवटी परत जायची वेळ आली असताना, तिला पळवून नेणाऱ्या रशीदकडेच राहते. तिने बरोबर केलं का यावर हात वर करून मतं घेऊ नका. तिने कुठल्या क्षणी ठरवलं, ते पानावर शोधायला सांगा.

याच बैठकीत मार्जान सत्रापींच्या 'पर्सेपोलिस' या चित्रकादंबरीच्या पहिल्या भागाचं शेवटचं पान फिरवा. चौदा वर्षांच्या मुलीला आईबाप तेहरानहून व्हिएन्नाला धाडतात. विमानतळावर ती वळून पाहते तर काचेपलीकडे आई बेशुद्ध, वडील तिला उचलून नेतायत. काळ्यापांढऱ्या चित्रात सगळं आहे. आपल्या घरी हे पाहणारी मैत्रीण त्या दिवशी बोलेल किंवा बोलणार नाही. तिला कुणी प्रश्न विचारू नये, एवढं बाकीच्यांना आधी सांगून ठेवा.

अधूनमधून 'श्यामची आई'तलं 'पर्णकुटी' प्रकरणही वाचायला हरकत नाही. सगळ्यांनी वाचलेलं असतं, सगळ्यांना आई आठवते, आणि तिच्या नवऱ्याला भाऊबंदकीत घर सोडावं लागलं होतं हे मात्र बहुतेकांच्या लक्षात राहिलेलं नसतं.

आता वाकडं वाटेल असं एक. तुमच्या पत्रात जाऊबाईंच्या रागाला दोन ओळी आहेत, वाटणीला एक. पण यंदाचा विषय कुणी सुचवला ते तुम्ही लिहिलेलं नाही. तुम्हीच सुचवला असेल, तर पुस्तकाआडून काही सुनवायचं होतं का, हे स्वतःपाशी एकदा तपासा. होतं असेल तर त्यात मोठा गुन्हा नाही, पण मग सूत्रसंचालन उरलेले महिने दुसरीकडे द्या. तुम्ही फक्त वाचायला बसा.

सहाव्या महिन्यापर्यंत जाऊबाई परत आल्या आणि 'वाडा चिरेबंदी' पुरं करायचा आग्रह त्यांनीच धरला, तरच ते घ्या. भूमिका चिठ्ठ्या टाकून ठरवा, दर प्रवेशाला बदला. वहिनीची चिठ्ठी मात्र त्यात टाकू नका. ते संवाद तुम्ही वाचा.